पवळाबाईंचे नाव आणि आपला रंगमंच

(हमरिया फ्री झोन, शारजा येथील कामगार वसाहतीच्या भोजनगृहात सभासदांच्या बैठकीत केलेले भाषण)



'कला, देह आणि अस्मिता' हा विषय माझ्याकडे सोपविला गेला, तेव्हा आपल्यापैकी काहींनी मला विचारले, की पोलाद, पाइप आणि जहाजदुरुस्ती यांच्या या वसाहतीत असला विषय कशाला? हा विषय पुण्या-मुंबईच्या कलादालनांत शोभावा. मला मात्र वाटते, की देहाचा विचार करण्यास याहून योग्य जागा सापडणार नाही. १९९५ साली शारजा अमिरातीने अजमान आणि उम्म अल क्वैन यांच्या मधल्या किनाऱ्यावर हे मुक्त क्षेत्र स्थापन केले. येथे आपण आलो ते देहाच्या बळावर. निवासाचा परवाना मिळण्यापूर्वी आपले रक्त तपासले गेले, छातीचे क्ष-किरण चित्र काढले गेले, बोटांचे ठसे घेतले गेले. १५ जून ते १५ सप्टेंबर या काळात दुपारी साडेबारा ते तीन उघड्यावर काम घेण्यास या देशात बंदी आहे. म्हणजे माणसाचा देह किती ऊन सोसू शकतो, याचीही कायद्याने दखल घेतली आहे. अंगावरच्या कव्हरऑलच्या रंगावरून आपली कंपनी ओळखली जाते, हेल्मेटवरून हुद्दा. या सर्व मोजमापात एक गोष्ट कोणी विचारीत नाही, ती म्हणजे जात. ती विचारतो आपलाच मराठी माणूस, तीही सरळ नव्हे. 'गाव कोणते? आडनाव काय? बरे, मूळचे कोठले?' अशा तीन पायऱ्यांनी तो खाली उतरतो. तिसऱ्या पायरीवर त्याचा चेहरा कसा बदलतो, हे मी आपल्याला वर्णन करून सांगण्याची गरज नाही.

देह एकच. यार्डात तो श्रमाचा देह असतो, आणि खोलीवर आल्यावर तो पुन्हा जातीचा देह होतो. ज्या कलावंतांचा देह हेच त्यांचे माध्यम होते, त्यांच्या वाट्याला हा भेद किती निर्दयपणे आला, हे मला आज मांडावयाचे आहे.

पाश्चात्य जगात गेल्या अर्धशतकात 'परफॉर्मन्स आर्ट' या नावाची एक कला मान्यता पावली. चित्रकार कॅनव्हास वापरतो, शिल्पकार दगड. या कलेत कलावंत स्वतःचा देहच प्रेक्षकांसमोर ठेवतो. मारिना आब्रामोविच या कलावतीने १९७४ साली इटलीतील नेपल्स शहरात एक प्रयोग केला. टेबलावर ७२ वस्तू मांडल्या. त्यात गुलाब होता, मध होता, कात्री होती, पिस्तूल आणि गोळीही होती. सहा तास ती निश्चल उभी राहिली आणि प्रेक्षकांनी त्या वस्तू तिच्यावर हव्या तशा वापराव्यात, अशी मुभा दिली. प्रेक्षकांनी तिचे कपडे कापले, तिला जखमा केल्या, अखेरीस पिस्तूलही तिच्याकडे रोखले गेले. सभ्य समाजासमोर निराधार स्त्रीदेह उभा केला तर तो समाज काय करतो, हे त्या प्रयोगाने दाखविले. जगभर त्याची चर्चा होते आणि ती व्हावयासच हवी.

तथापि, हे वाचताना माझ्या मनात एक प्रश्न येतो. सहा तासांनंतर ती कलावती चालू लागली आणि प्रयोग संपला. आमच्या महाराष्ट्रात ज्या स्त्रिया पिढ्यान्‌पिढ्या याच स्थितीत उभ्या राहिल्या, त्यांचा प्रयोग कोणत्या वेळी संपणार होता?

संगमनेर तालुक्यातील हिवरगाव पावसा हे गाव. जिल्हा पूर्वीचा अहमदनगर, २०२४ पासून अहिल्यानगर. तेथे १८७० साली एका महार कुटुंबात पवळाबाई भालेराव जन्मल्या. लहानपणीच त्यांना खंडोबाची मुरळी म्हणून सोडण्यात आले, असे सांगितले जाते. देवाला वाहिलेल्या मुलीचा देह देवाचा म्हणावयाचा आणि भोगायचा मात्र गावाने, ही ती व्यवस्था. तोपर्यंत तमाशात स्त्रीचे काम पुरुष करीत. मिशा काढलेला नाच्या पोऱ्या पदर घेऊन गौळणीत उभा राही. पवळाबाईंनी ही रीत मोडली. तमाशाच्या बोर्डावर उभी राहिलेली पहिली स्त्री म्हणून त्यांची नोंद होते. त्यांचा आवाज, त्यांची अदाकारी यांनी मुंबईतील प्रेक्षक वेडावून गेला. पुढे त्यांची आणि पठ्ठे बापूरावांची जोडी जमली.

पठ्ठे बापूराव म्हणजे श्रीधर कृष्णाजी कुलकर्णी. जन्म १८६६, गाव सांगली जिल्ह्यातील रेठरे हरणाक्ष, जात ब्राह्मण. घरदार, कुलकर्णीपण सोडून ते तमाशात आले आणि एका महार स्त्रीबरोबर राहिले, म्हणून त्यांच्या समाजाने त्यांना वाळीत टाकले. त्यांचे कवित्व मोठे होते आणि त्यांनी सोसलेही पुष्कळ. ते मी अमान्य करीत नाही. १९४५ साली पुण्यात हलाखीत त्यांचा अंत झाला. पण आपण एक पहा. त्यांच्या नावाने १९५० साली चित्रपट निघाला. त्यांच्या त्यागाच्या कथा सांगितल्या गेल्या. कलेसाठी जात सोडणारा महापुरुष अशी त्यांची प्रतिमा झाली. पवळाबाईंकडे सोडण्यासारखी जातच नव्हती. त्यांची जात त्यांना सोडीत नव्हती. १९३९ साली त्या गेल्या, तेव्हा जोडी केव्हाच तुटलेली होती. आजही जुनी मराठी पुस्तके उघडा: 'बापूराव म्हणाले', 'बापूरावांनी रचिले' असा आदरार्थी उल्लेख आढळेल, आणि त्याच ओळीत 'पवळा नाचली', 'पवळा निघून गेली'. व्याकरणातसुद्धा तिला एकेरीच ठेवले. मी आज मुद्दाम पवळाबाई म्हणतो आहे. आपल्यातील तरुणांनीही तशी सवय करावी.

आता मी त्या प्रसंगाकडे येतो, जो आपल्यापैकी अनेकांना ठाऊक आहे आणि ज्याचा आधार घेऊन आपल्या सांस्कृतिक समितीत गेली दोन वर्षे वाद चालू आहे. १९२७ साली महाडच्या सत्याग्रहासाठी निधी जमत असता पठ्ठे बापूरावांनी आपल्या तमाशाच्या आठ खेळांचे उत्पन्न देऊ केले. बाबासाहेबांनी ते नाकारले. महार स्त्रियांना नाचवून जमविलेला पैसा महारांच्या मानवी हक्कांच्या लढ्याला नको, अशी त्यांची भूमिका होती.

या नकाराचा अर्थ समजून घ्यावयाचा तर त्याच वर्षाची दुसरी घटना शेजारी ठेवली पाहिजे. डिसेंबर १९२७ मध्ये, मनुस्मृतीचे दहन झाल्यानंतर, महाड येथेच बाबासाहेब स्त्रियांशी बोलले. लुगडे कसे नेसावे, अंगावरचे जड कथलाचे आणि चांदीचे दागिने का टाकावेत, हे त्यांनी सांगितले. एवढा मोठा विद्वान, राज्यघटनेचा भावी शिल्पकार, आणि लुगड्याच्या निऱ्यांबद्दल काय बोलतो, असे कोणास वाटेल. परंतु अस्पृश्य स्त्रीने लुगडे कोठपर्यंत नेसावे आणि कोणत्या धातूचा दागिना घालावा, हे गावाने ठरवून दिलेले होते. रस्त्याने जाणाऱ्या स्त्रीची जात दुरूनच कळावी, यासाठी ती सक्ती होती. सभेनंतर कित्येकींनी नेसण्याची पद्धत तत्काळ बदलली. माझ्या मते, देह आणि अस्मिता या विषयावर महाराष्ट्रात झालेला सर्वांत मोठा प्रयोग तो होय. त्याला रंगमंच नव्हता आणि तिकीटही नव्हते. परत जाताना वाटेवरचे गाव हाच प्रेक्षक होता आणि तो प्रेक्षक लाठी घेऊन उभा असण्याची शक्यता होती.

या दोन घटना एकत्र वाचल्या म्हणजे दिसते, की बाबासाहेबांचा विरोध देहावर इतरांनी लावलेल्या किमतीला आणि इतरांनी मारलेल्या शिक्क्याला होता. १६ जून १९३६ रोजी मुंबईत परळच्या दामोदर हॉलमध्ये देवदासी, मुरळ्या, जोगतिणी आणि कामाठीपुऱ्यातील स्त्रिया धर्मांतराच्या घोषणेला पाठिंबा देण्यासाठी जमल्या, तेव्हाही त्यांनी कठोर शब्दांत सांगितले, की हे लाजिरवाणे जीवन सोडा. ते भाषण आज वाचताना काहींना ते फार कडक वाटते. स्त्रियांवरच दोष ठेवला, असे म्हणणारे अभ्यासक आहेत. मला त्यांचे म्हणणे अर्धेच पटते. त्या सभेला बाबासाहेब गेले, त्या स्त्रियांना आपले मानून बोलले आणि मानाने जगण्याची अपेक्षा त्यांच्याकडून ठेवली. ज्याला माणूस मानले जात नाही, त्याच्याकडून कोणी अशी अपेक्षा ठेवीत नाही.

याच काळात चळवळीने आपला स्वतःचा रंगमंच उभा केला, तो आंबेडकरी जलसा. नाशिककडील भीमराव कर्डक आणि त्यांचे सहकारी गावोगाव फिरले. तमाशाचा सांगाडा घेतला, पण गणातील देव काढला, गौळणीतील छेडछाड काढली, शृंगारिक लावणी काढली. मंदिरप्रवेश, शिक्षण, वतनाची गुलामी हे विषय आले. ज्यांना अक्षर वाचता येत नव्हते, त्यांच्यापर्यंत चळवळ या जलशांनी नेली. हे ऋण न फिटणारे आहे.

पण जलशाने आणखी एक गोष्ट काढली. जलशात स्त्री उरली नाही. स्त्रीची भूमिका पुन्हा पुरुष करू लागला. पवळाबाईंनी जे दार उघडले होते, ते आपल्याच घरात बंद झाले. त्या काळी दुसरा मार्ग नव्हता, हे मी मान्य करतो. ज्या समाजातील प्रत्येक स्त्रीकडे नाचणारी म्हणूनच पाहिले जात होते, त्या समाजाने आपल्या लेकींना काही काळ रंगमंचावरून उतरविले, तर त्यास नावे ठेवणे सोपे आणि अन्यायाचे आहे. मात्र त्याची किंमत कोणी दिली, हेही लिहून ठेवले पाहिजे. ज्या स्त्रिया फडातच राहिल्या, त्यांना सवर्ण समाजाने चवीने पाहिले आणि आपण पाहण्याचे टाळले.

विठाबाई भाऊ मांग नारायणगावकर यांचे उदाहरण घ्या. जन्म १९३५. आजोबांपासून घरात फड. १९५७ आणि १९९० अशी दोनदा राष्ट्रपतींच्या हस्ते त्यांचा गौरव झाला. त्यांच्याविषयी एक प्रसंग सर्वत्र सांगितला जातो. दिवस भरलेले असताना त्या बोर्डावर नाचत होत्या. कळा सुरू झाल्या तेव्हा मागे गेल्या, राहुटीत बाळंत झाल्या, दगडाने नाळ तोडली आणि पुन्हा नाचावयास उभ्या राहिल्या. महाराष्ट्र हा प्रसंग 'कलेवरील निष्ठा' म्हणून सांगतो. सांगणाऱ्याचा ऊर भरून येतो. मला मात्र हा प्रसंग ऐकताना तुमची-माझी आठवण होते. ताप अंगात असताना पाळीवर जाणाऱ्याला कोणी 'वेल्डिंगवरील निष्ठा' म्हणत नाही. त्याला आपण नाइलाज म्हणतो, कारण दिवस भरला नाही तर पगार कापला जातो. विठाबाईंचाही खेळ थांबला असता तर फडातील साठ-सत्तर पोटे थांबली असती. ती बाई मोठी कलावंत होती, यात शंका नाही. पण त्या रात्री तिला कलावंत म्हणून नव्हे, बाळंतीण म्हणून वागविणारा एक तरी माणूस हवा होता. २००२ साली त्या वारल्या, तेव्हा त्यांच्या उपचाराच्या खर्चासाठी लोकांना मदत गोळा करावी लागली. २००६ पासून राज्य शासन त्यांच्या नावाने पुरस्कार देते. जिवंतपणी रुग्णालयाचे देयक आणि मरणानंतर पुरस्कार, ही आपल्या राज्याची जुनी रीत आहे.

या स्त्रियांच्या मुलांचे काय झाले, हे पाहावयाचे असेल तर किशोर शांताबाई काळे यांचे १९९४ साली प्रकाशित झालेले 'कोल्हाट्याचं पोर' हे आत्मकथन वाचावे. लग्नाचा हक्क नाकारून नाचणाऱ्या मुलीला धनिकाच्या हवाली करणारी जी रूढी कोल्हाटी समाजात होती, तिच्या पोटी जन्मलेला हा मुलगा डॉक्टर झाला. वडिलांचे नाव विचारणाऱ्या समाजापुढे त्याने आईचे नाव आपल्या नावाच्या मध्यभागी लिहिले. २००७ साली तो तरुण वयातच गेला. हे पुस्तक आपल्या कपाटात ठेवावे, अशी माझी ग्रंथालय प्रमुखांना विनंती आहे.

अलीकडे शैलजा पाईक या आपल्याच, पुण्याच्या येरवडा भागातून पुढे आलेल्या इतिहासकार भगिनीने याच विषयावर 'द व्हल्गॅरिटी ऑफ कास्ट' हा ग्रंथ २०२२ साली लिहिला. तमाशातील स्त्रीला 'अश्लील' ठरविण्यात जातीचा हात कसा होता आणि 'माणुसकी'साठी चाललेल्या झगड्यात या स्त्रिया कोठे होत्या, हे त्यांनी दाखविले. २०२४ साली त्यांना अमेरिकेतील मॅकआर्थर फेलोशिप मिळाली. त्यांच्याआधी शर्मिला रेगे यांनी १९९५ सालीच लावणी कलावतींवर मूलगामी लेखन केले होते. त्या २०१३ मध्ये आपल्यातून गेल्या. आणि केरळातील रबराचे चीक काढणाऱ्या दलित कुटुंबात जन्मलेला साजन मणि हा कलावंत आज बर्लिनमध्ये आपल्या काळ्या देहालाच माध्यम करून जातीविरुद्ध उभा राहतो. २०२१ साली तेथील कला पुरस्कार त्याला मिळाला. आपले मल्याळी सहकारी त्याचे नाव ऐकून असतील. म्हणजे देह रंगमंचावर आणण्याची लाज बाळगण्याचे दिवस आपल्यापैकी काहींनी मागे टाकले आहेत.

आता आपला वाद. १४ एप्रिलच्या कार्यक्रमात आपल्या एका सभासदाच्या कन्येने लावणी सादर करण्याची इच्छा व्यक्त केली. समितीने ती नाकारली. बाबासाहेबांनी जे नाकारले ते आपण कसे स्वीकारावे, असे कारण दिले. मुलीने विचारले, की दुबईतील गणेशोत्सवात माझ्या वर्गातील देशपांडे-कुलकर्ण्यांच्या मुली लावणी करतात, तेव्हा सर्वजण 'महाराष्ट्राची परंपरा' म्हणून टाळ्या वाजवितात. मी केली तर ती जात कशी होते? या प्रश्नाला समितीत कोणी उत्तर दिले नाही. मी ते देण्याचा प्रयत्न करतो.

बेटा, तुझा प्रश्न खरा आहे. त्या मुली नऊवारी नेसतात, नाचतात आणि घरी जाऊन ती उतरवून ठेवतात. त्यांच्या आडनावाला त्या नाचाचा डाग लागत नाही. चित्रपटांनी आणि दूरचित्रवाणीने लावणी उचलली, पण ती निर्माण करणाऱ्या महार, मांग, कोल्हाटी स्त्रिया थिएटरांतच राहिल्या. तुझ्या पावलांत ती परंपरा त्या मुलींपेक्षा अधिक जवळची आहे. म्हणूनच तुझ्या आजीला भीती वाटते. या सभागृहात मागच्या ओळीत दोन वृद्ध माता बसल्या आहेत. त्यांच्या घरातील कोणी तरी कधी काळी पायांतील चाळ सोडून गिरणीत कामाला गेली आणि म्हणून पुढची पिढी शिकली. त्या चाळांचा आवाज त्यांना पुन्हा ऐकावयाचा नसेल, तर त्यांना मागासलेले म्हणण्याचा अधिकार ना तुला आहे, ना मला.

म्हणून मी समितीपुढे असा प्रस्ताव ठेवतो. ध्वनिफितीवर चित्रपटातील लावणी वाजवून नाच, हा कार्यक्रम आपण करू नये. तो दुबईत पुष्कळ होतो. त्याऐवजी या मुलीने पवळाबाईंच्या जीवनावर अर्ध्या तासाचा एकपात्री प्रयोग करावा. त्यात गाणे असावे, नृत्यही असावे. पवळाबाईंचे जीवन नृत्याशिवाय दाखविणे म्हणजे पुन्हा त्यांचा देह पुसणे होय. संहिता तिने स्वतः लिहावी, आपण केवळ तपशील तपासावेत. वेशभूषा कोणती असावी, हे तिने ठरवावे. महाडच्या निधीचा प्रसंग त्यात अवश्य यावा, आणि तो पवळाबाईंच्या बाजूने यावा: ज्या पैशासाठी आपण नाचलो तो परत आला, हे ऐकून त्या स्त्रीला काय वाटले असेल? अपमान की सुटका? इतिहासाने तिला ते विचारलेले नाही. विचारण्याचे धैर्य आपल्या रंगमंचावर झाले पाहिजे.

दोन अटी मात्र माझ्या आहेत. कोणीही नोटा उधळणार नाही, बक्षीस म्हणूनही नाही. दौलतजादा आपल्या सभागृहात होणार नाही. आणि कार्यक्रमपत्रिकेवर 'पवळा' असे नुसते छापले जाणार नाही. 'पवळाबाई भालेराव, हिवरगाव पावसा' असे पूर्ण नाव छापावे, आणि खाली सादर करणाऱ्या मुलीचे पूर्ण नाव, आईच्या नावासह.

सरावासाठी हे भोजनगृह दर रविवारी सायंकाळी सहा ते आठ मिळू शकेल, अशी चौकशी मी व्यवस्थापकांकडे केली आहे. पहिल्या सरावाला त्या दोन मातांना पुढच्या ओळीत बसवावे. त्यांनी मध्येच उठून 'हे नको' म्हटले, तर तो भाग का नको, हे त्यांनाच विचारावे आणि संहितेत लिहावे. ज्यांचा या प्रस्तावास विरोध आहे, त्यांनीही यावे. खुर्च्या लावण्यासाठी चार माणसे लागतील.

जय भीम.